'स्वतःप्रत अर्पण': देणारे कोण, घेणारे कोण?

प्रश्न विधी शाखेच्या एका विद्यार्थिनीचा आहे. थोडक्यात असा: उद्देशिकेत "आम्ही, भारताचे लोक" असं लिहिलंय, पण संविधान सभा काही प्रौढ मताधिकाराने निवडून आलेली नव्हती आणि तयार घटनेवर सार्वमतही घेतलं गेलं नाही. मग घटना करण्याची सत्ता लोकांची असते हे खरं धरायचं, की शोभेचं वाक्य म्हणून सोडून द्यायचं? ती तेव्हा लोकांकडे असेलच, तर आज कुणाकडे आहे, संसदेकडे की सर्वोच्च न्यायालयाकडे? आणि उद्या दोन तृतीयांश बहुमत असलेल्या पक्षाने नवी घटनाच आणायची ठरवली तर?

मी तीस वर्षं दिवाणी बाजूची वकिली करतोय आणि त्यातली बरीच वर्षं संध्याकाळच्या वर्गांना घटना शिकवतोय. हा प्रश्न दर वर्षी येतो, आणि विचारणाऱ्याच्या चेहऱ्यावर "सर, इथे सापडलात" असा भाव असतो. सापडलोच आहोत, म्हणून सारवासारव करत नाही. सभा मर्यादित मताधिकारावर उभी होती आणि सार्वमत झालं नाही, दोन्ही गोष्टी खऱ्या. पण तेवढ्यावरून "म्हणजे घटना लोकांची नाही" इथपर्यंत उडी मारता येत नाही. का, ते सांगायला थोडं लांबून यावं लागेल.

आधी उद्देशिका. ती शाळेत पाठ झालेली असते, म्हणूनच वाचायची राहून जाते. एकदा मराठी व्याकरणाच्या तासाला बसल्यासारखी वाचा. कर्ता कोण? "आम्ही, भारताचे लोक". क्रिया काय? संविधान अंगीकृत आणि अधिनियमित करून अर्पण करणं. कुणाला? "स्वतःप्रत". आणि संविधान सभा कुठे आहे? "आमच्या संविधानसभेत". सप्तमी विभक्ती, अधिकरण. म्हणजे काम त्या सभागृहात झालं, ते केलं आम्ही. रात्रंदिवस खपून मसुदा करणाऱ्यांनी स्वतःला कर्त्याच्या जागेवर बसू दिलं नाही, ही मला त्या वाक्यातली सगळ्यात विचारपूर्वक केलेली गोष्ट वाटते.

हिची उलट बाजू आपल्याकडेच पाहायला मिळते. साताऱ्याकडच्या औंध संस्थानात १९३९ साली भवानराव पंतप्रतिनिधींनी आपले अधिकार सोडून प्रजेला स्वराज्याची घटना दिली. तिच्या मसुद्यामागे गांधीजींचा सल्ला होता, गावपंचायतींपासून वर चढणारी रचना होती. संस्थानिकांच्या त्या काळात फारच उमदं काम. पण तिथे कर्ता राजा होता आणि प्रजा चतुर्थीत होती. राजाने दिलेली घटना कितीही उदार असली तरी ती दान असते. १९४९ च्या वाक्यात देणारा आणि घेणारा एकच आहे, त्यामुळे दान हा शब्दच तिथे लागू पडत नाही.

"स्वतःप्रत अर्पण" ही शब्दरचना मात्र पूर्णपणे आपली नाही. आयर्लंडच्या १९३७ च्या घटनेच्या उद्देशिकेचा शेवट जवळजवळ ह्याच शब्दांत होतो. फरक एवढा की तिथे १ जुलै १९३७ रोजी लोकांनी मतपेटीत होकार टाकला होता. आपण शब्द घेतले, मतदान घेतलं नाही. तेव्हा विद्यार्थिनीची शंका आहे तिथेच आहे.

आता कल्पनेकडे. जानेवारी १७८९ मध्ये फ्रान्समध्ये सियेस नावाच्या एका पाद्र्याने एक पत्रक छापलं. त्यात त्याने दोन सत्ता वेगळ्या केल्या: घटना जन्माला घालणारी सत्ता आणि घटनेतून जन्मलेली सत्ता. मी वर्गात पहिलीला घटनाकारी सत्ता आणि दुसरीला घटनाजन्य सत्ता म्हणतो. संसद, मंत्रिमंडळ, न्यायालयं, राष्ट्रपती ह्या सगळ्या घटनाजन्य. त्यांना अधिकार असतात ते घटनेने दिलेले आणि घटनेने आखलेल्या रेषेपर्यंत. घटनाकारी सत्ता मात्र राष्ट्राची, आणि राष्ट्र कुठल्याही कायद्याच्या आधीपासून असतं, असं त्याचं म्हणणं. त्याच वर्षी १७ जूनला तिसऱ्या वर्गाच्या, म्हणजे धर्मगुरू आणि सरदार सोडून उरलेल्या जनतेच्या, प्रतिनिधींनी स्वतःला राष्ट्रीय सभा म्हणून जाहीर केलं, आणि तीन दिवसांनी टेनिसच्या मैदानात जमून शपथ घेतली की घटना दिल्याशिवाय उठणार नाही. त्यांना राजाने बोलावलं होतं ते तिजोरीच्या अडचणीसाठी. घटना करा असं कुणी सांगितलं नव्हतं.

पण हाच मुद्दा सियेसच्याही आधी, आणि माझ्या मते त्याच्यापेक्षा सरळ शब्दांत, अमेरिकेतल्या मॅसॅच्युसेट्समधल्या काँकर्ड गावाने मांडला होता. १७७६ च्या ऑक्टोबरात तिथल्या गावसभेने ठराव केला. प्रांताच्या विधिमंडळाला स्वतःच घटना लिहायची होती. गावकऱ्यांचा आक्षेप असा: जी सभा घटना करते तिला ती बदलताही येते, आणि राज्य करणाऱ्याच सभेला बदलता येणारी घटना राज्यकर्त्यांपासून नागरिकाचं संरक्षण कसं करणार? म्हणून घटनेसाठी वेगळी सभा निवडा, जिचं काम तेवढंच असेल आणि जी काम संपलं की घरी जाईल. विधिमंडळाने ऐकलं नाही, स्वतःच मसुदा केला आणि गावांकडे पाठवला. १७७८ मध्ये गावांनी तो फेटाळला. मग वेगळी सभा निवडली गेली, जॉन ॲडम्सने मसुदा लिहिला, गावागावांत बैठका होऊन एकेका कलमावर चर्चा झाली आणि १७८० मध्ये ती घटना मंजूर झाली. ती आजही चालू आहे. लोकांनी घटना केली असं ज्या मोजक्या ठिकाणी न कचरता म्हणता येतं, त्यातलं हे एक. आणि तिथेही सुरुवात नकाराने झाली होती, हे लक्षात ठेवा. नंतर उपयोगी पडेल.

अमेरिकेच्या संघराज्याची १७८७ ची घटना मात्र एवढी नितळ नाही. आधीच्या करारानुसार बदलाला तेराही राज्यांची संमती लागत होती. फिलाडेल्फियात जमलेल्यांनी नऊ पुरे असं आपलं आपणच लिहून टाकलं. ऱ्होड आयलंडने तर प्रतिनिधीच पाठवला नव्हता. जुन्या कायद्याच्या चौकटीत पाहिलं तर ते बेकायदाच होतं. नवी घटना करणाऱ्यांना जुन्या घटनेचा परवाना सहसा मिळत नाही, एवढंच त्यावरून शिकायचं.

इथे कल्पनेची मूळ अडचण समोर येते. लोक म्हणजे कोटी कोटी माणसं. ती "एक" होऊन बोलणार कशी? त्यासाठी कुणीतरी सभा बोलवायला हवी, मतदार कोण ते ठरवायला हवं, प्रश्न छापायला हवा. हे सगळं ठरवणारे लोकांच्या संमतीआधीच तिथे बसलेले असतात. त्यामुळे "लोकांनी केलं" हा दावा नेहमी कुणीतरी लोकांच्या वतीने करतो, आणि तो खरा होता की नाही ते पुढे वागण्यातून ठरतं. खुद्द सियेसचंच बघा. ज्याने राष्ट्राच्या नावाने राजाला गप्प केलं, त्यानेच १७९९ मध्ये नेपोलियनच्या सत्तापालटाला हात दिला. आणि नेपोलियनने पुढे प्रत्येक पायरीवर लोकांचा कौल घेऊन दाखवला. जर्मनीच्या कार्ल श्मिटने १९२८ मध्ये ह्याच कल्पनेचं मोठं शास्त्र उभं केलं आणि १९३३ मध्ये तो नाझी पक्षात गेला. लोकांच्या नावाने बोलणाऱ्याला थांबवायची सोय ठेवली नाही, तर ही कल्पना हुकूमशहाला फार आवडते.

आता आपली सभा. ब्रिटिश सरकारने पाठवलेल्या कॅबिनेट मिशनच्या योजनेप्रमाणे ती बनली. जुलै १९४६ मध्ये प्रांतिक विधानसभांच्या सदस्यांनी तिचे सदस्य निवडले, आणि त्या विधानसभा १९३५ च्या कायद्याने निवडलेल्या, म्हणजे कर, मालमत्ता, शिक्षण अशा अटी पार करणाऱ्यांच्या मतांवर. एकूण जागा ३८९, त्यातल्या ९३ संस्थानांच्या. फाळणीनंतर २९९ उरल्या. समाजवादी पक्ष सुरुवातीला बाहेरच राहिला, मुस्लीम लीगने फाळणी ठरेपर्यंत बहिष्कार घातला. नोव्हेंबर १९४८ मध्ये दामोदर स्वरूप सेठ यांनी सभागृहातच उभं राहून सांगितलं की ही सभा प्रौढ मताधिकाराने निवडलेली नाही, तिला घटना करायचा हक्क नाही. तेव्हा आजची शंका नवी नाही. ती सभेच्या कामकाजात नोंदलेली आहे.

त्याच्याही आधीचा एक प्रसंग मला जास्त महत्त्वाचा वाटतो. १३ डिसेंबर १९४६ ला नेहरूंनी उद्दिष्टांचा ठराव मांडला. त्यात स्पष्ट होतं की स्वतंत्र भारताची सगळी सत्ता लोकांपासून येते. बॅ. मुकुंदराव जयकरांनी दुरुस्ती सुचवली: लीगला आणि संस्थानांना येऊ द्या, तोवर ठराव पुढे ढकला. सभागृह चिडलं. १७ तारखेला बाबासाहेब आंबेडकर उठले आणि सगळ्यांना वाटलं त्याच्या उलट, त्यांनी जयकरांची बाजू घेतली. त्यांचा मुद्दा असा की सभेला अधिकार आहे का हा प्रश्नच वेगळा. अधिकार असणं एक आणि तो वापरण्यात शहाणपण असणं दुसरं. ठराव पुढे ढकलला गेला आणि २२ जानेवारी १९४७ ला मंजूर झाला. तोवरही लीग आली नाही. पण जी सभा "आम्हीच लोक" असं म्हणून मोकळी होऊ शकली असती, तिने गैरहजर असलेल्यांची पाच आठवडे वाट पाहिली. फाळणीने बाबासाहेबांची बंगालची जागा गेली तेव्हा मुंबई प्रांतातून ते परत आले, ते जयकरांच्याच रिकाम्या झालेल्या जागेवर.

कायद्याच्या वंशावळीचाही प्रश्न होता. ब्रिटिश संसदेच्या १९४७ च्या स्वातंत्र्याच्या कायद्याने सभेला अधिकार दिले, म्हणजे आपल्या घटनेचा आजोबा वेस्टमिन्स्टर, असं कुणी म्हणू शकलं असतं. त्यावर उत्तर म्हणून कलम ३९५ वाचा. मोजून दोन-तीन ओळींचं. त्याने १९३५ चा कायदा रद्द होतो आणि सोबत १९४७ चा स्वातंत्र्याचा कायदाही रद्द होतो. ज्या फांदीवर बसलो होतो ती फांदीच शांतपणे कापली, आणि पडलो नाही. ब्रिटिश राजाची मान्यता मागितली नाही. १७ ऑक्टोबर १९४९ ला उद्देशिकेवर चर्चा झाली तेव्हा ह. वि. कामथांनी "ईश्वराच्या नावाने" हे शब्द घालायची दुरुस्ती मतदानाला टाकायला लावली. ती ४१ विरुद्ध ६८ अशी पडली. पूर्णिमा बॅनर्जींना लोकांचं सार्वभौमत्व आणखी ठळक शब्दांत हवं होतं. बाबासाहेबांचं उत्तर असं होतं की घटनेचं मूळ, अधिकार आणि सार्वभौमत्व लोकांत आहे हेच हे वाक्य सांगतं. ईश्वर नाही, राजा नाही, वेस्टमिन्स्टर नाही. उरले लोक.

हा झाला दावा. तो खरा ठरला का? मी विद्यार्थ्यांना दोन चित्रं शेजारी ठेवायला सांगतो. पहिलं चिलीचं. ११ सप्टेंबर १९८० रोजी पिनोशेच्या लष्करी राजवटीने आपल्या घटनेवर सार्वमत घेतलं आणि ते मोठ्या फरकाने जिंकलं. मात्र त्या वेळी देशात मतदार यादीच नव्हती. राजवटीने ती आधीच नष्ट केली होती. दुसरं चित्र आपलं. इथे सार्वमत नव्हतं, पण १९४८ पासून, घटना लागू व्हायच्या आधीच, संविधान सभेच्या सचिवालयाने प्रौढ मताधिकाराच्या याद्या करायला घेतल्या होत्या. फाळणीने उखडलेली माणसं मसुद्यातल्या कलमांचा हवाला देऊन अर्ज करत होती की आमचंही नाव घाला. अजून मंजूर न झालेल्या घटनेवर माणसं हक्क सांगत होती!

त्या याद्यांमधली एक गोष्ट तर मी कधीच सोडत नाही. गणना करणारे दारात गेले की बायका स्वतःचं नाव सांगायला तयार नसत. अमक्याची बायको, तमक्याची मुलगी, असं सांगत. निवडणूक आयोगाने ठरवलं की असं चालणार नाही, नाव हवं. शेवटी पहिल्या निवडणुकीच्या यादीतून अशा सुमारे २८ लाख स्त्रिया वगळल्या गेल्या, मुख्यतः उत्तरेकडच्या राज्यांत. निर्णय क्रूर होता का? त्या वर्षापुरता होता. पण "लोक" नावाची गोष्ट कशी तयार होते ते इथे डोळ्यांनी दिसतं. एकेक नाव लिहून. १९५१-५२ मध्ये यादीत सुमारे १७ कोटी ३० लाख नावं होती. मत न घेता केलेली घटना पण माणसागणिक नाव लिहिलेली यादी, आणि मत घेऊन केलेली घटना पण यादीच नाही. ह्यातली लोकांची कुठली, हे मला विचाराल तर मला फार विचार करावा लागत नाही.

आता प्रश्नाचा दुसरा भाग: आज ती सत्ता कुणाकडे? इथे मी माझ्या रोजच्या कामातला दाखला देतो. मुंबईला स्थायिक झालेले एक गृहस्थ गावची शेती सांभाळायला पुतण्याला कुलमुखत्यारपत्र देतात. पुतण्या पीकपाणी बघतो, खंड वसूल करतो, कोर्टात हजर राहतो, विहीर खोदतो, बांध घालतो. सगळं चोख. एक दिवस त्याच मुखत्यारपत्राच्या जोरावर तो जमीन स्वतःच्या बायकोच्या नावावर करून घेतो. अशा दाव्यात पुतण्याचा वकील म्हणतो, "पत्रात विक्रीचे सर्व अधिकार असं लिहिलंय." आणि आम्ही म्हणतो, "अधिकार मालकाच्या वतीने विकण्याचा होता, मालकालाच उठवण्याचा नव्हता." घटनादुरुस्तीचं कलम ३६८ म्हणजे संसदेला दिलेलं मुखत्यारपत्र आहे. वाद सगळा त्याच्या व्याप्तीचा.

ही शंका पहिल्यांदा नीट विचारली ती न्या. जनार्दन रघुनाथ मुधोळकरांनी. खटला सज्जन सिंग, निकाल ऑक्टोबर १९६४, पीठाचे प्रमुख सरन्यायाधीश गजेंद्रगडकर. बहुमताने सतरावी दुरुस्ती वैध ठरवली. मुधोळकरांनी निष्कर्षाला विरोध केला नाही, पण विचारलं की घटनेचं मूलभूत वैशिष्ट्यच बदललं तर ती दुरुस्ती म्हणायची की घटनेचा एक भाग नव्याने लिहिणं? आणि नव्याने लिहिणं असेल तर ते कलम ३६८ मध्ये बसतं का? गंमत म्हणजे त्यांनी आधार दिला तो पाकिस्तानच्या सर्वोच्च न्यायालयाच्या १९६३ च्या निकालाचा. मूलभूत चौकट, म्हणजे दुरुस्तीनेही मोडता न येणारा घटनेचा गाभा, ह्या सिद्धान्ताचं बी असं पाकिस्तानकडून आलेलं आहे. 

१९६७ मध्ये गोलकनाथ खटल्यात सहा विरुद्ध पाच अशा मतांनी न्यायालयाने सांगितलं की मूलभूत हक्क कमी करणारी दुरुस्ती करता येणार नाही. संसदेने १९७१ च्या चोविसाव्या दुरुस्तीने उत्तर दिलं, आणि त्या उत्तरातले शब्द बारकाईने बघण्यासारखे आहेत. कलम ३६८ चं शीर्षक आधी फक्त दुरुस्तीच्या कार्यपद्धतीबद्दल होतं. ते बदलून संसदेचा दुरुस्तीचा अधिकार असं केलं. आणि मजकुरात घातलं की संसद हे आपल्या घटनाकारी सत्तेचा वापर करून करते. पुतण्याने मुखत्यारपत्राच्या समासात स्वतःच्या अक्षरात लिहिलं: "मी जे करीन ते मालकानेच केलं असं समजावं." सियेसने दोन सत्तांमध्ये ओढलेली रेघ एका शब्दाने पुसायचा हा प्रयत्न होता. वकील म्हणून मला त्या मसुदाकाराचं कौतुक वाटतं. नागरिक म्हणून अजिबात नाही.

पुढचं सगळ्यांना माहीत आहे. तेरा न्यायमूर्ती, ६८ दिवसांची सुनावणी, २४ एप्रिल १९७३, सात विरुद्ध सहा मतं: केशवानंद भारती खटल्याचा निकाल. दुरुस्ती करा, मूलभूत चौकट मोडू नका. चोविसावी दुरुस्ती न्यायालयाने रद्द केली नाही. शब्द तसाच राहू दिला आणि त्याचा अर्थ आवळला. आणीबाणीत बेचाळिसाव्या दुरुस्तीने ह्या सत्तेला "कसलीही मर्यादा नाही" असं लिहून घेतलं, ते १९८० मध्ये मिनर्व्हा मिल्स खटल्यात पडलं. केशवानंदमध्ये अल्पमतात असलेले न्या. यशवंतराव चंद्रचूड मिनर्व्हात सरन्यायाधीश म्हणून मूलभूत चौकटीच्या बाजूने लिहीत होते. मधल्या सात वर्षांत काय काय पाहिलं गेलं होतं ते वेगळं सांगायला नको.

एक दुरुस्ती मात्र होता होता राहिली आणि तिच्याबद्दल फार कमी बोललं जातं. १९७८ मध्ये जनता सरकारने आणलेल्या विधेयकात तरतूद होती की घटनेचं लोकशाही किंवा धर्मनिरपेक्ष स्वरूप, मूलभूत हक्क, मुक्त निवडणुका, न्यायव्यवस्थेचं स्वातंत्र्य ह्यांना धक्का लावणारी दुरुस्ती सार्वमताशिवाय होणार नाही, आणि त्या सार्वमतात किमान ५१ टक्के मतदारांनी मतदान केलेलं असलं पाहिजे. लोकसभेने ते मान्य केलं. राज्यसभेत तेवढं कलम गळालं. तिथे ते टिकलं असतं तर मालकाला स्वतः कचेरीत येऊन सही करायची सोय झाली असती. मला विचाराल तर बरं झालं की वाईट, ह्यावर मी गेली तीस वर्षं मत बदलतोय.

"आपल्याकडे लोकांना कधी विचारलंच नाही" असं म्हणणाऱ्यांनी गोवा विसरू नये. १६ जानेवारी १९६७ च्या जनमत कौलात महाराष्ट्रात विलीन व्हायचं की संघप्रदेश राहायचं असं गोवेकरांना विचारलं गेलं, आणि सुमारे ३४ हजार मतांच्या फरकाने त्यांनी विलीनीकरण नाकारलं. आपल्या इथल्या अनेक मोठ्या माणसांना तो निकाल जड गेला, पण मानावा लागला. अर्थात घटनेच्या भाषेत तो घटनाकारी सत्तेचा वापर नव्हता. संसदेने एक कायदा करून मत घेतलं. कलम ३ प्रमाणे राज्यांच्या सीमा संसद साध्या बहुमताने बदलू शकते. संयुक्त महाराष्ट्रासाठी तर कौलही घेतला गेला नाही. माणसं रस्त्यावर आली, १०६ जणांचा बळी गेला आणि १ मे १९६० ला कायद्याने राज्य झालं. लोकांचा रेटा आणि लोकांची घटनाकारी सत्ता ह्या शेजारच्या गोष्टी आहेत, एकच नाहीत.

आता मुखत्यारपत्राचा दाखला कुठे मोडतो तेही सांगायला हवं, नाहीतर मी पक्षकाराची बाजू मांडल्यासारखं होईल. जमिनीचा मालक मुखत्यारपत्राआधीपासून असतो. "भारताचे लोक" हा एक मालक म्हणून त्याच दस्तात पहिल्यांदा उभा राहतो. दुसरं, मालक नोटीस देऊन पत्र रद्द करू शकतो. लोकांना अशी नोटीस द्यायची वाट घटनेत ठेवलेली नाही. आणि तिसरी गोष्ट न्यायालयाला टोचणारी: पुतण्याला अडवणारं न्यायालयही घटनाजन्यच आहे, तेही दुसरा मुखत्यार. २०१५ मध्ये न्यायाधीशांच्या नेमणुकांबाबतची नव्व्याण्णवावी दुरुस्ती चार विरुद्ध एक मतांनी रद्द झाली. संसदेत ती जवळजवळ एकमताने झाली होती, निम्म्याहून जास्त राज्यांनी मान्यता दिली होती, आणि रद्द करणाऱ्यांच्याच नेमणुकांचा तो विषय होता. निकालाचा निष्कर्ष मला पटतो असं मी म्हणेन, पण त्या दिवशी बार रूममध्ये तो ठासून सांगताना माझा आवाज जरा बारीक झाला होता.

केनियात हा वाद ताजा आहे. तिथल्या राष्ट्राध्यक्षांच्या पुढाकाराने आलेलं दुरुस्ती विधेयक "जनतेचा पुढाकार" ह्या वाटेने आणलं गेलं. उच्च न्यायालयाने आपली मूलभूत चौकट उचलून ते अडवलं. मार्च २०२२ मध्ये तिथल्या सर्वोच्च न्यायालयाने मूलभूत चौकटीचा सिद्धान्त आपल्या घटनेला लागू नाही असं ठरवलं, पण राष्ट्राध्यक्षाला जनतेच्या पुढाकाराची वाट वापरता येत नाही हेही ठरवलं. मला हा दुसरा भाग जास्त आवडतो. सत्तेतला माणूस लोकांचा मुखवटा घालून आला तर तो काढायला लावणं, एवढं केलं तरी न्यायालयाने पुष्कळ केलं.

विद्यार्थिनीचा शेवटचा प्रश्न, दोन तृतीयांश बहुमताचा. त्याला उत्तर हंगेरीत मिळतं. २०१० मध्ये एका आघाडीला सुमारे ५३ टक्के मतं आणि दोन तृतीयांश जागा मिळाल्या. नव्या घटनेची कार्यपद्धती ठरवायला चार पंचमांश बहुमत लागेल, असा जुना नियम होता. तो नियम दोन तृतीयांशाने काढून टाकला गेला आणि एप्रिल २०११ मध्ये सार्वमताशिवाय नवी घटना झाली. समासात लिहिणारा पुतण्या पुन्हा. आपल्याकडे कलम ३६८ खाली हे चालणार नाही: दुरुस्तीच्या अधिकारातून जुनी घटना मोडून नवी करता येत नाही, हे केशवानंदपासून पक्कं आहे. कुणी नवी घटना करायची ठरवली तर ती आजच्या घटनेबाहेरची गोष्ट असेल, आणि तिथे माझ्यासारख्या वकिलाचा फारसा उपयोग नसतो. तेव्हा बघायचं ते काँकर्डच्या गावकऱ्यांनी बघितलं तेच: करणारे राज्यही करणार आहेत का, आणि लोकांना नाही म्हणायची खरी सोय आहे का.

चिलीने ती सोय दोनदा वापरली. ऑक्टोबर २०२० मध्ये सुमारे ७८ टक्के लोकांनी नवी घटना हवी म्हटलं. १५५ जणांची सभा निवडली गेली, स्त्री-पुरुष समसमान, मूळ रहिवाशांना १७ राखीव जागा. कागदावर त्याहून लोकाभिमुख सभा शोधून सापडणार नाही. तिचा मसुदा ४ सप्टेंबर २०२२ ला सुमारे ६२ टक्क्यांनी फेटाळला गेला. दुसरा मसुदा, उजवीकडे झुकलेला, १७ डिसेंबर २०२३ ला सुमारे ५६ टक्क्यांनी फेटाळला गेला. परिणाम असा की यादी नसताना झालेल्या मतदानाची, मधल्या काळात बऱ्याच वेळा दुरुस्त झालेली, १९८० चीच घटना तिथे चालू आहे. अपयश म्हणावं तर म्हणा. पण "लोक" म्हणजे सभेने गृहीत धरलेली गोष्ट नाही, हे त्या दोन तारखांइतकं स्पष्ट फार कमी ठिकाणी दिसलं आहे.

परीक्षेच्या दृष्टीने एक शेवटचं. घटना २६ जानेवारी १९५० ला लागू झाली असं सगळे लिहितात. अर्धवट बरोबर आहे. कलम ३९४ उघडा. काही मोजकी कलमं २६ नोव्हेंबर १९४९ ला, त्याच दिवशी, लागू झाली होती. त्यात कलम ५ ते ९ आहेत, म्हणजे नागरिक कोण. आणि कलम ३२४ आहे, म्हणजे मतदार यादी कुणी करायची आणि निवडणूक कुणी घ्यायची. मूलभूत हक्कांच्याही दोन महिने आधी.